सोसायटीच्या पाटीवरची आडनावं: उगम कसा लावायचा?

गच्चीवरून (प्रश्न)

नमस्कार मंडळी. माहीमला आमच्या सोसायटीची स्मरणिका निघते आहे. जिन्याखालच्या पाटीवरची आडनावं घेऊन तीन-चार पानांचा लेख टाकायचं ठरलंय. कोणतं आडनाव कुठून आलं, एवढंच. पाटी इंग्रजीत आहे. तिच्यावरची निवडक नावं अशी: शिरोडकर, नार्वेकर, दाभोलकर, मानकर, वाकनीस, मुकादम, नाखवा, रोहेकर, रॉड्रिग्ज, परेरा, बाटलीवाला, वाघमारे आणि तिसऱ्या मजल्यावरचे एस. रामनाथन.

नेटवर प्रत्येक आडनावाचा अर्थ सापडतो, पण दोन ठिकाणी दोन. 'कर' म्हटलं की गाव आलं हे कळतं. ते गाव नेमकं कोणतं हे ठरवायचं कसं? रोहेकर ज्यू आहेत आणि आडनाव पार मराठी, हे कसं? रॉड्रिग्ज मूळचे वसईचे. पोर्तुगालशी रक्ताचं नातं नाही म्हणतात, मग आडनाव आलं कुठून? आणि रामनाथन यांचं आडनाव धरायचं तरी कोणतं? यादी अक्षरानुक्रमे लावायची आहे, तिथेच गाडी अडलीय. जाणकारांनी मदत करावी.

सातबारा

आधी पाटीचं. इंग्रजी पाटीवरून देवनागरी आडनाव उतरवू नका, प्रत्येक घरातून देवनागरीत लिहून घ्या. ळ-ल, ण-न, ट-त ही सगळी इंग्रजीत एकाच अक्षरात कोंबलेली असतात. तुमचं 'दाभोलकर' त्यातलंच. दाभोळ हे दापोली तालुक्यातलं, वाशिष्ठीच्या मुखावरचं जुनं बंदर. दाभोली वेंगुर्ला तालुक्यात. एकाचे दाभोळकर, दुसऱ्याचे दाभोलकर, आणि इंग्रजी स्पेलिंग दोघांचं तेच. मध्ये सगळा रत्नागिरी जिल्हा आडवा पडलाय.

आता 'कर'. तो काढला की खाली उरतं ते गावाचं नाव असेलच असं नाही, बऱ्याचदा ते वाकवलेलं रूप असतं. शेवटी 'ए' उरला तर गाव एकारान्त असू शकतं (पेडणे–पेडणेकर, नार्वे–नार्वेकर) किंवा आकारान्त (रोहा–रोहेकर, म्हापसा–म्हापसेकर, आरोंदा–आरोंदेकर). शेवटी स्वर नसेल तर गाव तसंच असेल (मठ–मठकर, पेण–पेणकर), नाहीतर शेवटचा स्वर गळालेला असेल: खानोली–खानोलकर, शिरोडा–शिरोडकर, अष्टमी–अष्टमकर. कधी मधला स्वरही आखडतो, जसं तेंडोलीचे तेंडुलकर. कधी गावाचं जुनं नाव आडनावात टिकून राहतं: चौलला पूर्वी चेऊल म्हणत, म्हणून चौलकरही आहेत आणि चेऊलकरही. तेव्हा एका आडनावावरून तीन-चार संभाव्य गावं कागदावर काढा आणि मग शोधा.

शोधायचं कुठे? सातबाऱ्याची सरकारी साइट उघडा. जिल्हा निवडा, तालुका निवडा, की त्या तालुक्यातल्या सगळ्या महसुली गावांची यादी देवनागरीत समोर येते. उतारा काढायची गरज नाही, यादी वाचली की काम झालं. जनगणनेच्या जिल्हा पुस्तिकांतही तालुकावार गावं असतात, पण इंग्रजी स्पेलिंगात, म्हणजे पुन्हा ळ-लचा घोळ. दोन्हीकडे वाड्या सापडत नाहीत, फक्त महसुली गावं. आडनाव वाडीवरून पडलेलं असेल तर ते त्या भागातल्या माणसालाच विचारावं लागतं. गोव्यातलं गाव या साइटवर मिळणार नाही, तिथली यादी वेगळी.

जुन्या दाखल्यावरचा जिल्हा पाहून फसू नका. वेंगुर्ला, कुडाळ, सावंतवाडी १ मे १९८१ पासून सिंधुदुर्गात, त्याआधी रत्नागिरीत. 'जि. कुलाबा' म्हणजे आजचं रायगड. पालघर २०१४ पर्यंत ठाण्यात होतं.

एकाच नावाची दोन गावं ही खरी डोकेदुखी. शिरोडा एक फोंडा तालुक्यात, गोव्यात. दुसरं वेंगुर्ला तालुक्यात, १९३० च्या मिठाच्या सत्याग्रहाचं. घरात कुलदैवत विचारा. कामाक्षी म्हणाले तर गोव्याकडे झुकतं माप. पण झुकतंच. कामाक्षीचं देऊळ सोळाव्या शतकात गोव्याच्याच साष्टी तालुक्यातल्या राय गावाहून शिरोड्याला हललं, त्यामुळे कामाक्षी मानणारं कुटुंब मूळचं रायचंही असू शकतं. कुलदैवत, मूळ गावातलं घर किंवा जमीन, आणि सोयरीक कोणत्या पट्ट्यात होते, यांतल्या दोन गोष्टी जुळल्या तर छापा. एकच जुळली तर 'बहुधा' लिहा.

एक लक्षात घ्या, नार्वे गावात राहणाऱ्याला नार्वेकर म्हणून वेगळं ओळखायचं कारण नसतं. गाव सोडून दुसरीकडे गेल्यावर तिथले लोक 'नार्व्याचे' म्हणतात. म्हणजे आडनाव सांगतं ते कुटुंब कुठून निघालं ते, आणि तेही बहुतेक वेळा शेवटच्या मुक्कामापुरतं. खाली जुनं आडनाव दबलेलं असतं. बाबासाहेबांचं घराणं सकपाळ, गाव मंडणगड तालुक्यातलं आंबडवे. साताऱ्याच्या शाळेच्या रजिस्टरात ७ नोव्हेंबर १९०० ची नोंद 'भिवा रामजी आंबेडकर' अशी आहे.

मानकर मात्र या यादीतून बाहेर काढा. मान नावाचं गाव शोधत बसू नका, तो मानाचा मानकरी. गावकर (गावप्रमुख) आणि विणकर हेही तसेच.

दप्तरी

वाकनीस माझ्याकडे. शेवटचं 'नीस' हे फारसी 'नवीस', म्हणजे लिहिणारा. पुढचा तुकडा काय लिहिणारा ते सांगतो. वाकिया म्हणजे घडलेली गोष्ट, तिची नोंद ठेवणारा वाकनीस. फर्द म्हणजे कागद, यादी, त्यावरून फडणीस-फडणवीस. चिठ्ठीवरून चिटणीस. फारसी पत्रव्यवहार बघणारा पारसनीस. याच दप्तरातले पण 'नीस' नसलेले: मुजुमदार (जमाखर्चाची तपासणी), पोतदार (नाणी पारखणारा), डबीर (परराज्यांशी व्यवहार बघणारा).

गंमत बघा. १६७४ च्या राज्याभिषेकाच्या सुमारास हुद्द्यांची फारसी नावं बदलून संस्कृत केली. मुजुमदाराचा अमात्य झाला, वाकनिसाचा मंत्री, सुरनिसाचा सचिव, डबिराचा सुमंत. दरबारात बदल झाला, पण घरांनी जुनीच नावं धरून ठेवली. म्हणून आज मुंबईत वाकनीस, मुजुमदार, डबीर भेटतात. सुमंत आणि अमात्य आहेत, पण मोजके.

लेखात एक चूक टाळा. हुद्द्यावरून जात काढू नका. कुलकर्णी, देशपांडे, पाटील, देशमुख ही वतनं होती. पाटील-कुलकर्णी गावाचे, देशमुख-देशपांडे परगण्याचे. ज्याच्याकडे वतन त्याचं आडनाव. पाटील आगरी आहेत, कोळी आहेत, मराठा आहेत, जैन आहेत, मुसलमानही आहेत. परगणा आणि कुलकर्णी वतनं १९५० च्या कायद्यानं गेली, महसुली पाटलांचं पद १९६२ च्या कायद्यानं. आडनाव कायद्याच्या कक्षेत कधी आलंच नाही, ते राहिलं.

वतनदार घराचं त्याआधीचं आडनाव हवं असेल तर दोन वाटा. छापील कुलवृत्तान्त असेल तर पहिल्या प्रकरणात उपनाव दिलेलं असतं. नसेल तर नाशिक किंवा त्र्यंबकेश्वरच्या तीर्थोपाध्यायांच्या वह्या. तिथे नुसतं आडनाव सांगून भागत नाही: मूळ गाव, जात आणि निदान आजोबा-पणजोबांची नावं घेऊन जा, कारण कोणत्या उपाध्यायांकडे तुमची वही आहे हे गावावरून ठरतं. जुनी पानं मोडीत. मोडीत ह्रस्व-दीर्घ वेगळं नसतं, तेव्हा 'वहीत दीर्घ ई आहे म्हणून आमचं आडनाव असंच' हा दावा करू नका, आणि कुणी केला तर छापू नका.

धक्क्यावर

नाखवा फारसीच, 'नाखुदा' म्हणजे नावेचा धनी. मुंबईत नाखोदा मोहल्ला आहे तो याच शब्दाचा. कोळ्यांत नाखवा आणि तांडेल दोन्ही आडनावं चालतात, दोन्ही होडीवरच्या अधिकारावरून. नाखवा म्हणजे मासे मारणारा असं छापू नका. होडी ज्याची किंवा ज्याच्या हुकमात, तो नाखवा. जाळं ओढणारे ते खलाशी.

मुकादम म्हणजे मजुरांच्या टोळीचा म्होरक्या. गोदीत, महापालिकेत हा शब्द रोजचा आहे, त्यामुळे अर्थ सोपा.

दप्तरी

@धक्क्यावर, नाखव्याचं बरोबर. मुकादमाबद्दल थांबा. टोळीचा म्होरक्या हा नंतरचा अर्थ. अरबी 'मुकद्दम' म्हणजे पुढे असलेला, आणि जुन्या कागदांत तो पाटलासाठी येतो: 'मोकदम मौजे अमुक'. कोकणातलं मुकादम आडनाव, हिंदू असो की कोकणी मुसलमान, बहुधा गावकीचं आहे, गोदीतलं नाही. कोकणी मुसलमानांत याच पठडीतली दळवी, देशमुख, खोत, चौगुले आहेत. काझी आणि खतीब मशिदीच्या कामावरून. मुकादमांना मूळ गाव विचारा आणि त्या गावात खोत किंवा पाटील कोण होतं ते विचारा. उत्तर तिथेच मिळेल.

पाखाडी

रॉड्रिग्ज आणि परेरा एकाच पेटीत टाकू नका. पोर्तुगीज आडनावांत शेवटचा 'एस' म्हणजे 'अमक्याचा मुलगा': रोद्रिगोचा रोद्रिगेस, फेर्नांदोचा फेर्नांदेस, लोपोचा लोपेस, गोन्सालोचा गोन्साल्वेस, नुनोचा नुनेस. स्पॅनिशमध्ये याच जागी झेड येतो. स्पेलिंगात शेवटी एस आहे की झेड, यावरून पोर्तुगीज की स्पॅनिश हे बहुधा कळतं. आपण बोलताना 'ज' म्हणतो म्हणून मुंबईत कुणी कुणी झेड लिहितात, तेवढं बघून घ्या. परेरा हे मात्र झाड, नाशपातीचं. कार्वाल्यो ओक, ऑलिव्हेरा ऑलिव्ह, सिल्वा म्हणजे रान. आपल्याकडे जांभळे आहेत, त्यातलाच प्रकार. डिसोझामधलं सोझा ही उत्तर पोर्तुगालमधली नदी.

पण हे अर्थ पोर्तुगालमधले. वसईच्या कुटुंबाला ते लागू होत नाहीत, हे लेखात ठळक लिहा. वसई १५३४ ते १७३९ पोर्तुगीजांकडे होती. बाप्तिस्म्याच्या वेळी धर्मपित्याचं किंवा पाद्रीबाबाचं आडनाव मिळायचं. एकाच पाद्रीबाबाच्या हातून बाप्तिस्मा झालेली, आपसांत काही नातं नसलेली घरं त्यामुळे एकाच आडनावाची झाली. 'रॉड्रिग्ज म्हणजे सगळे एका मूळ पुरुषाचे' हे इथे चालत नाही. तुमचे रॉड्रिग्ज पोर्तुगालशी नातं नाही म्हणतात ते अगदी बरोबर.

शोध घ्यायचा तर चर्चमधलं बाप्तिस्म्याचं रजिस्टर. नोंदीत बाळाचं नाव, तारीख, आईबापांची नावं, धर्मपिता-धर्ममातेची नावं आणि शेवटी पाद्रीबाबाची सही असते. धर्मपित्याच्या रकान्यावर डोळा ठेवा. अर्ज करताना अंदाजे साल आणि गाव दोन्ही द्या. नुसतं आडनाव दिलंत तर कारकून हात जोडेल, कारण एका पॅरिशमध्ये तेच आडनाव पानोपानी. जुन्या नोंदी पोर्तुगीज किंवा लॅटिनमध्ये, पण साचा ठरलेला असतो. चार नोंदी लागल्या की पाचवी आपोआप वाचता येते. कुटुंबाला गावात कोणत्या नावानं हाक मारतात तेही विचारा. एका गल्लीत दहा रॉड्रिग्ज असले की घराला मराठी टोपणनाव असतंच, आणि पुष्कळदा ते आडनावाहून जुनं निघतं.

मांडवी

रोहेकर: वर 'सातबारा' यांनी गाव सांगितलंच. बेने इस्रायल, म्हणजे मराठी बोलणारे ज्यू, शेकडो वर्षं कोकण किनाऱ्यावर होते, तेल गाळायचे, शनिवारी घाणा बंद ठेवायचे म्हणून त्यांना शनवार तेली म्हणत. आडनावं सगळी गावांची: किहीमचे किहीमकर, नवगावचे नवगावकर, झिराडचे झिराडकर, दिवे आगरचे दिवेकर. दिवेकर हिंदूही आहेत आणि ज्यूही. गाव एक, धर्म दोन, यात नवल काही नाही.

त्यांच्यात शोधाचा खरा धागा पहिल्या नावात असतो. मुंबईत मांडवीतलं १७९६ चं सिनेगॉग (ज्यूंचं प्रार्थनामंदिर) बांधणारे सॅम्युएल इझिकेल दिवेकर मराठीत सामाजी हसाजी दिवेकर होते. इंग्रजी शाळा आल्यावर बायबलमधली रूपं परत रुळली आणि 'जी' गळला. तेव्हा जुन्या कागदात सामाजी आणि नंतरच्यात सॅम्युएल दिसला तर दोन माणसं मानू नका. बापाचं नाव ताडून बघा.

बाटलीवाला आणि एकूणच पारशी 'वाला': धंदा (बाटलीवाला, दारूवाला) किंवा गाव (पूनावाला, आणि 'वाला' नसलेले भरूचा, बिलिमोरिया). ही आडनावं बरीचशी इंग्रजी अमदानीत पक्की झाली, त्याआधी स्वतःचं नाव आणि वडिलांचं नाव एवढंच. सर जमशेदजी जीजीभॉय तरुणपणी बाटल्यांच्या व्यापारामुळे बाटलीवाला म्हणवले जात. जीजीभॉय हे वडिलांचं नाव. १८५७ मध्ये त्यांना बॅरोनेटचा किताब मिळाला आणि १८६० च्या कायद्यानं किताबाच्या प्रत्येक वारसाला 'जमशेदजी जीजीभॉय' हेच नाव घेणं बंधनकारक झालं. जन्मनाव काही का असेना! तुमच्या बाटलीवाल्यांचा त्यांच्याशी संबंध जोडू नका, बाटल्यांचा धंदा अनेकांचा होता. आणि 'वाला' म्हणजे पारशीच असंही नाही. बोहरी आहेत, गुजराती हिंदूही आहेत.

अनुक्रमणिका

रामनाथन यांना 'र' खाली घाला. त्यांना आडनाव आपल्या अर्थानं नाही. 'एस.' हे बहुधा वडिलांचं नाव. दोन आद्याक्षरं असली तर पहिलं पुष्कळदा गावाचं. आर. के. लक्ष्मण घ्या: राशीपुरम हे गाव, कृष्णस्वामी वडील, लक्ष्मण ते स्वतः. थोरले बंधू आर. के. नारायण. दोघा सख्ख्या भावांची आद्याक्षरं तीच, आणि समाईक आडनाव कुठेच नाही. तेलुगू कुटुंब असतं तर उलटं झालं असतं: तिथे घराण्याचं नाव आधी येतं, पी. व्ही. नरसिंह राव यांतला 'पी' म्हणजे पामुलपर्ती. पुढे कधी चिनी किंवा कोरियन भाडेकरू आले तर त्यांचंही आडनाव आधी, माओ हे आडनाव आहे.

पासपोर्टाची भानगडही इथलीच. आडनावाचा रकाना भरायचा म्हणून कुणी वडिलांचं पूर्ण नाव तिथे टाकतं, कुणी तो रिकामा सोडतं. मग तिकिटावर एक आणि शाळेच्या दाखल्यावर दुसरं. म्हणून रामनाथन यांनाच विचारा, कागदपत्रावरून ठरवू नका.

आपलं मधलं नाव तरी काय वेगळं आहे? स्वतःचं, बापाचं, घराण्याचं ही तीन नावांची रीत रशियनांत जशीच्या तशी आहे, फक्त तिथे बापाच्या नावाला 'ओविच' किंवा 'ओव्ना' लागतो. आइसलँडमध्ये घराण्याचं नाव जवळजवळ नसतंच, बापाच्या किंवा आईच्या नावाला 'सोन' किंवा 'दोत्तिर' लावतात आणि छापील टेलिफोन डिरेक्टरी होती तीही पहिल्या नावानं लावलेली असायची. भाऊ-बहिणीचं आडनाव त्यामुळे निराळं. आडनावं सगळीकडे आपसूक आली असंही नाही: जपाननं १८७५ मध्ये ती सर्वांना सक्तीची केली, तुर्कस्ताननं १९३४ मध्ये.

मुलांची नावं छापणार असाल तर एक तपासा. महाराष्ट्रात १ मे २०२४ पासून जन्मलेल्या बाळांचं नाव सरकारी कागदावर 'स्वतःचं, आईचं, वडिलांचं, आडनाव' अशा क्रमानं लिहायचं आहे. पाटीवर वडिलांच्या नावानं आणि दाखल्यावर आईच्या नावासकट, असं होईल.

गच्चीवरून

केवढं मिळालं! शिरोडकरांना कुलदैवत विचारलं, माउली म्हणाले. मग वेंगुर्ला? आणि वाघमारेंचं कुणीच काही लिहिलं नाही. नेटवर 'पूर्वजांनी वाघ मारला' एवढंच आहे, तेच टाकू का?

सातबारा

शिरोड्याला माउलीचं देऊळ आहे, पण माउली त्या पट्ट्यात गावोगाव आहे. मूळ घर कोणत्या वाडीत ते विचारा. वाडी सांगता आली तर वेंगुर्ला नक्की करा, नाहीतर 'बहुधा'.

वाघमारे टोपणनावातून आलेलं. असं आडनाव वेगवेगळ्या गावांत वेगवेगळ्या घरांना स्वतंत्रपणे पडू शकतं, म्हणून सगळ्या वाघमाऱ्यांचा एक उगम नसतो आणि वाघ कुणी, कुठे मारला हे कुठल्या दप्तरात सापडत नाही. गोष्ट घरात सांगत असतील तर 'घरात असं सांगतात' म्हणून त्यांच्याच शब्दांत घ्या. नसतील सांगत, तर 'टोपणनावावरून' एवढी एक ओळ पुरे.

आणि छापखान्यात देण्याआधी प्रत्येक घराला त्यांचा मजकूर दाखवून सही घ्या. काही घरांनी राजपत्रात नोंद करून आडनाव बदललेलं असतं आणि जुनं छापलेलं त्यांना नको असतं. त्यांनी नाही म्हटलं तर कारण विचारू नका, ती नोंद गाळा.